सातवा फेरा जबलपूरला

दुबेगुरुजी बंगल्याच्या फाटकात स्वतःच्या होल्डॉलवर बसले होते आणि उठायला तयार नव्हते.

"लेखक महोदय, नीचे जाने वाली बस कब आती है?"

"कुठली बस?" मी मराठीतच विचारलं. सकाळचा चहा झाल्याशिवाय माझी राष्ट्रभाषा सुरू होत नसे.

"कोई भी. जो नीचे जाए."

"अहो, पण आज लग्न आहे, गुरुजी!"

"वही तो." त्यांनी चष्मा काढून धोतराच्या सोग्याला पुसला. "मेरी बेटी उस लड़के के साथ फेरे नहीं लेगी. झूठ-मूठ के भी नहीं."

मी मागं वळून पाहिलं. पन्हाळ्यावरच्या त्या भाड्याच्या बंगल्याच्या अंगणात मांडव सजला होता. होमकुंडात समिधा रचल्या होत्या. कॅमेरामन कॅमेऱ्यावर छत्री धरून स्वतः उन्हात बसला होता. पायरीवर नवरी, म्हणजे गुरुजींची मुलगी वंदिता, लाल शालू नेसून भाजलेल्या शेंगा सोलत होती. शेजारी खांबाला टेकून नवरदेव उभा होता. त्याचं तोंड दिसत नव्हतं. हिंदी सिनेमातल्या नवऱ्याला सेहरा लागतो, आणि आमच्या फुलवाल्यानं जन्मात सेहरा पाहिला नव्हता. त्यानं मुंडावळ्याच वाढवत वाढवत बेंबीपर्यंत आणल्या होत्या.

ही तयारी 'दिल का दिवाला' या हिंदी विनोदी प्रेमपटाच्या शेवटच्या दृश्याची होती. नायक कफल्लक असून श्रीमंतीचं सोंग करतो, नायिकाही तेच करते, आणि दोघंही एकाच दुकानातून भाड्यानं कपडे आणतात, अशी ती कथा. कथा माझी नव्हती. संवाद माझे होते. निर्माते तवनाप्पा मगदूम हे इचलकरंजीचे यंत्रमागवाले. मराठी सिनेमा काढला तर तो कऱ्हाडपर्यंत चालतो, हिंदी काढला तर काश्मीरपर्यंत, असा त्यांचा हिशेब. त्यांना कुणीतरी सांगितलं की, टिपणीस हिंदीतले पंडित आहेत. खरी गोष्ट अशी की, मी राष्ट्रभाषेची 'पंडित' नावाची परीक्षा पास झालो होतो, तीही दुसऱ्या खेपेला. पण तवनाप्पांनी मला 'पंडित' म्हणायला सुरुवात केली आणि मानधनाचं 'उद्या बघू' म्हटलं. पुढचे सगळे दिवस या दोन वाक्यांवर गेले.

दुबेगुरुजी हे जबलपूरच्या एका शाळेचे निवृत्त मुख्याध्यापक. मुलीला एकटी कशी पाठवायची म्हणून सोबत आले होते. सोबतीचं काम उरकून उरलेल्या वेळात ते माझे संवाद तपासत. रुसलेल्या नायिकेपुढं नायक गुडघे टेकून म्हणतो, "मैं अपराधी हूँ, मुझे शिक्षा दो!" हे वाक्य मी मोठ्या आशेनं लिहिलं होतं. गुरुजी म्हणाले, "शिक्षा तो इसे मिलनी ही चाहिए. कम से कम मैट्रिक तक." मग मला समजावलं की, हिंदीत शिक्षा म्हणजे शिक्षण, दंड नव्हे. कॅमेरामन हसला. त्या दिवसापासून तो माझं प्रत्येक वाक्य ऐकून आधीच हसून ठेवत असे.

"पंडित!" व्हरांड्यातून तवनाप्पा गरजले. "ह्यो म्हातारा दारात का बसलाय?"

मी फाटकातून व्हरांड्यात गेलो. त्या दिवसातली ही पहिली फेरी.

"त्यांची मुलगी फेरे घेणार नाही म्हणतात."

"आँ? काल तर म्हातारा स्वतः त्या मांडवाची फुलं बघत हुता!" तवनाप्पांनी टोपी काढून गुडघ्यावर आपटली. "पंडित, नीट ऐक. आज हे लगीन लागलं न्हाई तर पिक्चर पुरा हुणार न्हाई. पिक्चर पुरा झाला न्हाई तर वितरक पैसं देणार न्हाई. आन् त्यानं पैसं दिलं न्हाईत तर माझं माग गेलं. सोपं हाय का न्हाई?"

"सोपं आहे."

"मग जा. त्येला समजाव. तू पंडित हायस."

वास्तविक असल्या वेळी माणसं समजावण्याचं काम दिग्दर्शकाचं. पण आमचा दिग्दर्शक उरलेले पैसे घेऊन मुंबईला कच्ची फिल्म आणायला गेला होता. फिल्म आली, दिग्दर्शक आला नाही. ती फिल्म मग कुणी आणली, हे विचारण्याची मला उसंत नव्हती. मी चहा मिळतो का ते बघत होतो.

मी फाटकाकडं गेलो.

"गुरुजी, झालं तरी काय?"

"जो बात सेठजी ने कही, वह मैं मुँह पर नहीं ला सकता. उन्हीं से पूछिए."

मी व्हरांड्यात गेलो.

"तुम्ही काल त्यांना काय बोललात?"

"मी? मी काय बोलणार? तिन्हीसांजचं बसलो हुतो हितं. म्हातारा म्हणाला, लडका कैसा है. मी म्हणालो, सोना है."

"एवढंच?"

"एवढंच. आन् जरा इकडचं तिकडचं."

"पण मुलगा कसा आहे हे ते विचारत कशाला होते?"

"मला काय ठावं? म्हातारी माणसं विचारत्यात."

मी वैतागून पायरीकडं पाहिलं. वंदिता शेंग फोडत होती, दाणे तळहातावर चोळून साल फुंकत होती, आणि सगळ्यांचं लक्ष फाटकाकडं आहे असं पाहून दाणे सेहऱ्याच्या आत पोचवत होती. सेहरा चावत होता. तेव्हा मला ते कळलं, जे कॅमेरामनसकट सगळ्यांना केव्हाच कळलेलं असावं. संवादलेखकाला सगळ्यात शेवटी कळतं. तो ऐकण्यात असतो.

मी नवरदेवाचा दंड धरून त्याला बाजूला घेतलं. याचं पडद्यावरचं नाव धवलकुमार. घरचं नाव मुकुंद ढवळे, राहणार मिरज. आईबाप नाहीत, मामानं वाढवलेला. दिसायला देखणा. बाकी सगळा आनंद. मागेल त्याला मागेल ते देऊन टाकायचा. पन्हाळ्यावर आला तेव्हा त्याच्या हातात घड्याळ होतं. आता ते आचाऱ्याच्या हातात होतं, कारण आचारी म्हणाला होता, "छान आहे."

"काय केलंस तू?"

"काही नाही, टिपणीससाहेब. शपथ."

"शपथ घेऊ नकोस. तुझ्या सगळ्या शपथा मीच लिहिल्यात."

"खरंच काही नाही केलं."

"मग जाऊन बोल त्यांच्याशी. सांग त्यांना."

"मी काय बोलू?" सेहऱ्याच्या आतून अगदी गरीब आवाज आला. "तुम्ही काहीतरी लिहून द्या ना."

मी त्याला तिथंच सोडलं. आयुष्यात कधी कुणाला मारलं नाही, आणि सेहऱ्यामुळं गाल नेमका कुठं असेल याचा अंदाजही येत नव्हता.

पुन्हा फाटकाशी आलो तेव्हा एक एस.टी. खाली निघून गेली. गुरुजींनी हात केला नाही. ते चष्मा पुसत होते. मी ते पाहिलं, आणि उन्हानं डोकं तापलेल्या माणसाला जेवढं समजतं तेवढंच मला समजलं.

"गुरुजी, आता तुम्ही बोला. नाहीतर मी पण इथंच बसतो." आणि मी खरंच होल्डॉलच्या दुसऱ्या टोकावर बसलो. बसलो म्हणजे खचलो. गुरुजींच्या बाजूला होल्डॉल उंच होता, माझ्या बाजूला सपाट. त्यामुळं गुरुजी वर आणि मी खाली, असा तो वर्ग भरला.

ते इकडंतिकडं पाहून हळू आवाजात म्हणाले, "हम अंधे नहीं हैं, लेखक महोदय. लड़का-लड़की का क्या चल रहा है, हम देख रहे हैं. तो कल मैंने सेठजी से पूछा, लड़के का व्यवहार कैसा है? यही तो पूछा जाता है न? ज़िंदगी भर मैंने हर बच्चे के प्रमाणपत्र पर यही लिखा है. व्यवहार उत्तम. व्यवहार संतोषजनक. और सेठजी बोले..." त्यांचा आवाज आणखी उतरला. "बोले, लड़का सोना है, मगर व्यवहार के नाम से बम!"

"बम?"

"बम. दो बार बोले. हाथ हिलाकर."

मी दोन क्षण त्यांच्याकडं पाहत राहिलो आणि एकदम उठलो. होल्डॉल हलला, गुरुजी डगमगले.

"बम नाही, गुरुजी! बोंब! बोंब म्हणाले ते!"

"वह क्या होता है?"

आता बोंब हिंदीत कशी सांगायची? मी तोंडावर उलटी मूठ नेऊन होळीला मारतात तशी एक मारून दाखवली. कॅमेरामन हसला. मग मी उभ्यानं माझ्या पांडित्याचा कस लावला. म्हटलं, गुरुजी, हिंदीत व्यवहार म्हणजे वागणूक. आमच्या मराठीत व्यवहार म्हणजे पैशाचं देणंघेणं. सेठजींचं म्हणणं इतकंच की, पोराला पैशातलं ओ का ठो कळत नाही. वागणुकीबद्दल ते चकार शब्द बोलले नाहीत.

"अच्छा," गुरुजी सावकाश म्हणाले. "तो चाल-चलन?"

"उत्तम."

"शराब?"

"त्याला ताक चढतं."

"स्त्रियाँ?"

"एकच," मी म्हणालो आणि जीभ चावली.

गुरुजी अर्धवट उठले होते. "और पैसे की समझ?"

इथं एखादं चांगलं खोटं बोलता आलं असतं. पण त्या आचाऱ्याच्या मनगटावरचं घड्याळ माझ्या डोळ्यांसमोर आलं.

"शून्य."

गुरुजी पुन्हा होल्डॉलवर बसले.

"आता काय झालं?" माझा आवाज चिरकला.

"लेखक महोदय, व्यवहार ख़राब होता तो मैं सुधार लेता. बरसों यही किया है. गणित मेरा विषय नहीं था."

माझा संयम तिथं संपला. मी व्हरांड्याकडं तोंड करून ओरडलो, "ओ तवनाप्पा! इकडं या! तुमच्या तोंडानं सांगा यांना काय ते! मी चाललो चहा प्यायला!"

तवनाप्पा तणतणत आले. गुरुजींनी त्यांना एकच विचारलं, "सेठजी, लड़के ने ऐसा क्या किया कि आप कहते हैं, पैसे की समझ नहीं?"

"क्या किया?" तवनाप्पा जणू कुणीतरी हे विचारायचीच वाट बघत होते. त्यांची हिंदी माझ्यापेक्षा वाईट होती, पण तिला लाज नव्हती. "अरे, वो डायरेक्टर मेरा पैसा लेके पळ्या! कच्ची फिल्म के वास्ते मेरे पास दमडी नहीं. मैं इधर डोके को हात लावके बसा. और ये पोरगा गया, खुद का मोटारसायकल विक्या, और डबे लेके आया! मैं बोला, बाबा, कुछ तो लिखून घे. तो बोलता है, आपण काय परके हाय का! खुद के काम का पैसा मांगता नहीं. मांगेगा तो मैं नहीं देगा, वो वेगळी बात. पण मांगना तो चाहिए! इसको व्यवहार बोलते क्या? बोंब है, बोंब!"

एवढं बोलून त्यांनी टोपीनं डोळे पुसले आणि पन्हाळ्यावर धूळ फार उडते असं मला मराठीत सांगितलं. वारा पडलेला होता.

मी चहाला गेलो नाही. सेहऱ्याकडं पाहत राहिलो. सेहरा खाली मान घालून उभा होता.

गुरुजींनी घसा साफ केला. आणि आम्ही दोघं हातभर अंतरावर उभे असताना, सगळ्या शाळेनं ऐकावं अशा आवाजात ते म्हणाले, "सब ठीक है! मगर ऐसे आदमी का घर कैसे चलेगा?"

पायरीवर शेंगांच्या टरफलांचा ढीग झटकला गेला. वंदिता उठली. पदर खोचून, पायांतलं पैंजण वाजवत ती अंगण ओलांडून फाटकाशी आली.

"बाबूजी, मोटरसाइकिल का भाव मैंने किया था."

"तूने?"

"ये तो पहले ही दाम पर 'ठीक है' बोल रहे थे. मैंने कहा, टंकी में पेट्रोल भरा है, उसका अलग दो. नया सीट कवर है, उसका अलग दो. ख़रीदार बोला, बहनजी, घंटी का भी लोगी? मैंने कहा, घंटी हम निकाल के ले जाएँगे." आणि तिनं कमरेला खोचलेल्या किल्ल्यांच्या जुडग्याशेजारून खरोखरच एक घंटी काढून दाखवली. मोटारसायकलला घंटी कशाला होती हे विचारू नका. मुकुंदाला कुणीतरी विकली असणार.

"तू वहाँ इसके साथ गई थी?"

तिनं मान खाली घातली नाही. "गई थी. पीछे बैठ के. लौटे बस से. टिकट मैंने निकाला."

"और मुझसे कहा, मंदिर जा रही हूँ."

"मंदिर भी गए थे."

तवनाप्पा टोपीशी खेळत होते. मग वंदिता म्हणाली, आणि हे वाक्य मी लिहिलेलं नव्हतं, "बाबूजी, दिल इनका है, वो मैं बदलूँगी नहीं. व्यवहार मैं देख लूँगी."

"कौन-सा व्यवहार?" गुरुजींनी विचारलं. "हिंदी वाला कि मराठी वाला?"

"दोनों."

गुरुजी उठले. चष्मा घातला. "सेठजी, कैमरा लगवाइए," म्हणाले, "धूप जा रही है."

फिल्म उरली होती ती एकाच खेपेपुरती. चुकलं तर पुन्हा नाही. होम पेटला. मंत्र म्हणायला आणलेला भटजी केव्हाच कंटाळून गेला होता, म्हणून मंत्र गुरुजींनीच म्हटले. कॅमेरा फिरत होता, वंदिता आणि सेहरा फेरे घेत होते. तवनाप्पा बोटांवर मोजत होते. सहावा फेरा पुरा झाला, आणि मांडवाच्या मधोमध मुख्याध्यापकांचा आवाज कडाडला, "कट!"

कॅमेरामननं कॅमेरा बंद केला. तोही कधीकाळी शाळेत गेलेला होता. असल्या आवाजाला हात आपोआप थांबतो.

"अवो, एक ऱ्हायलाय की!" तवनाप्पा किंचाळले.

"सातवाँ जबलपुर में," गुरुजी म्हणाले. "बारात लेकर आइए."

सेहऱ्याच्या आतून घाबरलेला आवाज आला, "टिपणीससाहेब, याला उत्तर काय देऊ?"

"हो म्हण, गाढवा."

"हो!" मुकुंद म्हणाला. त्या चित्रपटातला त्याचा सगळ्यात चांगला उच्चारलेला संवाद तो, आणि कॅमेरा बंद होता.

'दिल का दिवाला' पुरा झाला. वितरकानं नाक मुरडत पैसे दिले, तवनाप्पांचे माग वाचले. चित्रपट काश्मीरपर्यंत गेला नाही, कऱ्हाडपर्यंतही गेला नाही. जबलपूरला मात्र बरा चालला. गुरुजींचे माजी विद्यार्थी शहरभर होते आणि त्यांना तिकिटं काढावीच लागली. नायक-नायिकेनं सहाच फेरे घेतलेत हे आजवर एकाही प्रेक्षकानं ओळखलं नाही. यावरून लोक लग्नात किती लक्ष देतात ते कळतं.

त्यानंतर पुष्कळ वर्षांनी मी विनोदी लेखकांच्या कुठल्याशा संमेलनासाठी जबलपूरला गेलो, तेव्हा मुकुंद-वंदिताच्या घरी जेवायला गेलो. मुकुंद मुलांना नाटक शिकवत होता आणि फी मागायला विसरत होता. वंदिता विसरत नव्हती. दाराला ती मोटारसायकलची घंटी लावलेली होती. गुरुजी खूप थकले होते, खाटेवर पडून असत. जेवणानंतर मी दरवेळेप्रमाणे होल्डॉलची गोष्ट हातवारे करून सांगितली, बोंबही मारून दाखवली. नातवंडं लोळून हसली. गुरुजी छताकडं पाहत होते.

निघताना खाटेशेजारी वाकून मी बुटाचे बंद बांधत होतो.

"लेखक महोदय, सेठजी ने आपके संवादों का पैसा दिया?"

"नाही, गुरुजी. उद्या बघू म्हणाले होते. पुढं ते वारलेच."

"म्हणजे व्यवहाराच्या नावानं बोंबच की!"

माझ्या हातातून बंद सुटला. 'ळ' सोडून सगळी मराठी येणारे हिंदी लोक मी पाहिलेत, पण ही मराठी तसली नव्हती. ही सदाशिव पेठेतली होती. 'बोंब'मधला अनुस्वार जिथल्या तिथं होता.

"गुरुजी, तुम्हाला मराठी येते?"

"आमच्या शाळेत गणिताला पिंपळखरे मास्तर होते," गुरुजी शांतपणे म्हणाले. "भिंतीला भिंत लागून घर. दर पगाराला मला ऐकवायचे, 'दुबेजी, तुम्हाला व्यवहार म्हणून कळत नाही.' इतकी वर्षं ऐकलं. येणार नाही?"

"मग त्या दिवशी! ते बम! मी भर उन्हात, बिनचहाचा, व्हरांड्यातून फाटकात, फाटकातून व्हरांड्यात..."

"आप दुबले हो गए थे. अच्छे लग रहे थे."

"पण कशासाठी?"

त्यांनी स्वयंपाकघराकडं पाहिलं. आत वंदिता कुणाला तरी हिशेबावरून झापत होती.

"लड़का तो मैंने देख लिया था," ते हळूच म्हणाले. "बेटी से पूछता, तो नज़र झुकाकर कहती, जैसी आपकी इच्छा. बिन माँ की लड़की है, बाप का मन रखती आई है. मुझे उसकी इच्छा सुननी थी. उसके मुँह से. ज़ोर से."

मग मला एक शंका आली.

"आणि ती नसती बोलली तर? बसमध्ये बसून निघून गेला असतात?"

"कैसे जाता?" गुरुजींनी डोळे मिटून घेतले. "सामान तो सब कमरे में था. होल्डॉल खाली था. मेरी तरफ़ बस एक तकिया था. फाटक का पत्थर चुभता है."

खाली म्हणजे हिंदीत रिकामा. एवढं मला लगेच कळलं. मी पंडित आहे.